इनासभाऊंचं एक्स्चेंज

इनासभाऊंना कोणी "कसे आहात?" असं विचारलं, की ते लगेच उत्तर देत नसत. आधी विचारत, "कुठल्या लाइनीवरचा?" माणूस नवा असला तर गोंधळायचा. जुना असला तर सवयीनं म्हणायचा, "ह्याच की, चालू लाइनीवरचा." मग इनासभाऊ जरा विचार करून सांगायचे, "ह्या लाइनीवर गुडघा दुखतो. बाकी बरा आहे."

मी हे पहिल्यांदा ऐकलं ते निर्मळला, त्यांच्या वाडीच्या फाटकाशी. शाळेतून निवृत्त होऊन विरारजवळ बोळिंजला फ्लॅट घेतल्याला थोडेच महिने झाले होते. सकाळी हाताला काम नव्हतं आणि सोसायटीच्या गेटवर येणाऱ्या मरगळलेल्या पालेभाजीला मी कंटाळले होते. कोणीतरी म्हणालं, स्कूटर काढा आणि निर्मळला वाड्यांकडे जा, तिथं माणसं दारात बसून ताजी भाजी विकतात. मी गेले. एका फाटकाशी कार्मेलीनबाय बसल्या होत्या. पुढ्यात अळूच्या जुड्या, वालाच्या शेंगा आणि एका टोपलीत ओल्या फडक्याखाली मोगऱ्याच्या कळ्या. मागे एक उंच, किंचित वाकलेले गृहस्थ सायकलच्या साखळीला तेल देत होते. त्यांनी हात न थांबवता मला विचारलं, "तुम्ही आज ह्या रस्त्यानं का आलात? तळ्याकडच्या रस्त्यानं का नाही आलात?"

"हा दिसला म्हणून आले," मी म्हटलं.

"म्हणजे फाटा तुम्ही फोडला नाही, आपोआप फुटला," ते म्हणाले. "बरं झालं. असे फाटे पक्के असतात."

मी कार्मेलीनबायकडे पाहिलं. त्या शेंगा तोलत होत्या. "लक्ष नको देऊ गं," त्या शांतपणे म्हणाल्या. "त्याचं एक्स्चेंज आहे."

आता माझ्याबद्दल थोडं सांगायला हवं. मी गणिताची बाई. माझी जीभ तिखट आहे असं शाळेत म्हणायचे, सोसायटीतही म्हणतात. मला ते पटत नाही. मी फक्त जे आहे ते तोंडावर बोलते, आणि लोकांना त्याची सवय नसते. तेव्हा कोणी म्हातारा लाइनी आणि फाटे असलं काही बोलायला लागला, तर मी पिशवी उचलून चालू पडणार, हे उघड होतं. पण अळू उत्तम निघालं. त्यामुळे मी परत गेले, आणि मग जातच राहिले.

एक्स्चेंज वाडीच्या कोपऱ्यात पत्र्याच्या खोलीत होतं. पूर्वी तिथं पाण्याचं डिझेल इंजिन होतं. इनासभाऊ तरुणपणी टेलिफोन ऑपरेटर होते. तेव्हा फोन आपोआप लागत नसे. कोणी फोन उचलला, की एक्स्चेंजमधल्या बोर्डावर त्याच्या नंबराच्या भोकावरची झाकणी पडायची. ऑपरेटर त्या भोकात एक प्लग घालायचा, कोण हवंय ते विचारायचा आणि दोरीचं दुसरं टोक त्या माणसाच्या भोकात घालून दोघांना जोडून द्यायचा. पुढे सगळं आपोआप झालं आणि तो लाकडी बोर्ड भंगारात निघाला. इनासभाऊंनी तो बैलगाडीतून घरी आणला. नवरीही कोणी इतकी जपून आणली नसेल, असं कार्मेलीनबाय म्हणत.

त्या बोर्डाला त्यांनी काय काय जोडलं होतं. इंजिनाचं जड लोखंडी चाक दांड्यानं फिरवायची सोय केली होती. आढ्याला गवंड्याचा ओळंबा टांगला होता. ऑपरेटरचा जुना हेडफोन खिळ्याला अडकवलेला असे. बोर्डातून निघालेल्या तारा एकत्र गुंडाळून भिंतीत गेल्या होत्या.

"माणूस काही ठरवतो, तिथं लाइन फुटते," इनासभाऊंनी मला समजावलं. आपसात ते दोघं त्यांच्या घरच्या बोलीत बोलत, ती मला निम्मीच कळे. माझ्याशी मात्र ते शाळेतलं मराठी काढत. "एक लाइन इकडं येते, एक तिकडं जाते. तिकडंही आपणच असतो, टीचर. जेवतो, भांडतो, आजारी पडतो. फक्त दोघांना जोडून देणारा कोणी नाही."

"आणि तो तुम्ही."

"खात्यानं निवृत्त केलं म्हणून हात विसरतो का?"

"आणि हे चाक कशाला?"

"काळ हलका असतो. वजन दिलं नाही, तर हातातून सुटतो. आधी चाक फिरवून आपली लाइन धरायची. ओळंबा थांबला, की ती स्थिर झाली. मग दुसरी जोडायची. न धरता जोडली, तर माणूस तिकडंच राहायचा."

ओळंबा थांबेपर्यंत कोणी बोलायचं नाही असा नियम होता. हा नियम कोंबड्यांना ठाऊक नव्हता. एखादी नेमकी तेव्हाच आत शिरायची, पंख फडफडवत ओळंब्याच्या दोरीवर आपटायची, आणि सगळं पहिल्यापासून सुरू व्हायचं. इनासभाऊ कोंबडीवर रागावत नसत. "कोणीतरी नको म्हणतंय," एवढंच म्हणत आणि पुन्हा दांडा फिरवत.

आणि लोक यायचे. मला त्याचंच नवल वाटे. शिकलेसवरलेले लोक मोटारसायकल लावून त्या पत्र्याच्या खोलीपुढे बाकावर बसायचे. कोणी गंमत म्हणून येई, पण आत बोर्डापुढच्या स्टुलावर बसल्यावर गंमत कमी होत जाई. फुलपाड्याहून एक तरुण आला होता, कसल्याशा कंपनीत सेल्समध्ये होता. "अंकल, मी त्या टायमाला दुबईचा जॉब घेतला असता ना, तर आज माझी लाइफ सेट असती," तो म्हणाला. "जरा चेक करा ना. म्हणजे टेन्शन नको, जस्ट बघायचं."

इनासभाऊंनी चाक फिरवलं, ओळंबा थांबू दिला, प्लग घातला आणि डोळे मिटून बराच वेळ ऐकलं. "गरम फार आहे तिकडं," ते म्हणाले. "एका खोलीत बरीच माणसं झोपलीत. तुम्ही जागे आहात. शेजारच्याला सांगताय, की विरारलाच राहिलो असतो तर लाइफ सेट असती."

तो मुलगा आधी हसला, मग हसायचा थांबला. कार्मेलीनबायनं त्याच्या हातावर दोन केळी ठेवली. ती खाऊन तो गेला.

आमच्या सोसायटीतल्या एक बाई, नाव सांगत नाही, आईवडिलांनी आणलेलं स्थळ नाकारल्याची रुखरुख घेऊन आल्या होत्या. इनासभाऊंनी ऐकून सांगितलं, "तोही घोरतो." बाई हलक्या होऊन घरी गेल्या.

शेजारचे सदूभाऊ वेगळे. त्यांची पिढीजात फुलांची बाग. त्यांनी वाडीचा एक तुकडा बिल्डरला दिला होता आणि त्यातलं बावखल बुजवू दिलं होतं. बावखल म्हणजे वाडीतलं गोड्या पाण्याचं तळं. त्याच्यावर इथल्या बागा जगल्या. सदूभाऊ स्टुलावर बसले आणि काही विचारलंच नाही. त्यांचा फाटा कुठला ते सगळ्या गावाला ठाऊक होतं. इनासभाऊंनी त्या दिवशी हेडफोन फार वेळ कानाला लावला. मग म्हणाले, "तिकडं पाणी आहे, सदू. कमळंही आहेत. पण तुझी पोरगी अजून लग्नाची राहिलीय." सदूभाऊंनी खांद्यावरच्या पंच्यानं तोंड पुसलं आणि उठून गेले. दुसऱ्या दिवशी इनासभाऊंच्या पायरीवर झेंडूची टोपली होती.

मी गणिताची बाई असल्यामुळे एक गोष्ट माझ्या नजरेतून सुटली नाही. मी एकदा सरळ विचारलं. "इनासभाऊ, इतक्या लोकांच्या दुसऱ्या लाइनी तुम्ही लावल्या. त्यातली एकही बरी निघाली नाही. हे कसं शक्य आहे? निम्म्या तरी बऱ्या निघायला हव्यात."

ते दोरी गुंडाळत होते. "ऑपरेटरला सगळं ऐकू येतं, टीचर. कोणाचं भांडण, कोणाचं मयत, कोणाचं चोरून बोलणं. ऐकायचं आणि विसरायचं. सांगायचं तेवढंच सांगायचं."

"म्हणजे खोटं सांगता."

त्यांना राग आला नाही. "तुम्ही शाळेत प्रत्येक पोराला तो किती कच्चा आहे, ते तोंडावर सांगत होता?"

"अर्थात."

"ती पोरं अजून भेटायला येतात?"

मी विषय बदलला आणि केळीचा भाव विचारला.

माझी लाइन मी कधी लावून घेतली नाही. एकदा त्यांनी न विचारताच सांगितलं, "तुमची दुसरी लाइन ऐकली टीचर मी. तुम्ही कोल्हापूर सोडलंच नाही त्यात. पण तिकडंही एका म्हाताऱ्याशी असंच भांडताय." हे त्यांना कसं कळलं, मी कधी कोल्हापूरचं बोलले होते, मला आठवत नाही. कार्मेलीनबायनं सांगितलं असणार. पण त्या रात्री जेवताना मला हसू येत राहिलं.

एक लाइन मात्र त्यांना लागत नसे. रोज सकाळी चर्चमधल्या प्रार्थनेहून, मिस्साहून परत आले, की चहाच्या आधी ते खोलीत जात, चाक फिरवत, ओळंब्याची वाट पाहत आणि बोर्डाच्या खालच्या ओळीतल्या एका भोकात प्लग घालत. हेडफोन कानाला लावून बसत. मग प्लग काढून बाहेर येत. चेहऱ्यावरून काही कळत नसे. मी विचारलं, "ही कोणाची?" तर म्हणाले, "लांबची आहे." माझ्यासारख्या बाईनं तिथं आणखी विचारायला हवं होतं, पण का कोण जाणे, मी गप्प बसले.

ते मला कळलं सुकेळीच्या दिवसांत. राजेळी केळी सोलून, मचाणावर उन्हात वाळवून, सुकेळी करतात. ऊन उतरलं की झाकायची, चढलं की पसरायची, सारखं उलटत राहायचं. कार्मेलीनबायची सुकेळी गावात नावाजलेली होती, आणि मी मदत म्हणून बसायला लागले होते. मदत म्हणजे मी खात होते आणि त्या काम करत होत्या. बोलता बोलता त्या म्हणाल्या, "मी सिस्टर होणार होते, ठाऊक आहे?"

मला ठाऊक नव्हतं.

"सगळं ठरलेलं. लांबच्या कॉन्व्हेंटच्या मदरचा ट्रंक कॉल यायचा होता, शेवटचं बोलून घ्यायला. गावात फोन एकच, फादरच्या बंगल्यात. मी धुवट साडी नेसून सकाळपासून तिथं बसलेली. आणि तिकडं बोर्डावर हा. नवा नवा लागलेला. ह्यानं मदरचा प्लग घातला शेजारच्या भोकात. ते भोक बर्फाच्या कारखान्याचं."

त्या आधीच हसायला लागल्या होत्या. "मदर विचारते, मुलगी तयार आहे ना? तिकडं मुनीमजी. त्याला वाटलं, मासळीवाल्या बाईचा फोन. म्हणतो, सगळं तयार आहे, किती लाद्या पाहिजेत? मदर म्हणते, घरच्यांची परवानगी आहे ना? हा म्हणतो, परवानगी कसली, टेम्पो तुमचा आणा. मदरनं फोन ठेवला. आठवड्यानं फादरला निरोप आला, की मुलीच्या घरी गांभीर्य दिसत नाही, एक वर्ष थांबावं."

मी हसून हसून बेजार झाले. शाळेत मी इतकी हसले असते, तर पोरांनी मला ओळखलं नसतं.

"मग हा घरी आला माफी मागायला," कार्मेलीनबाय डोळे पुसत म्हणाल्या. "माझ्या बापानं चहा दिला. परत आला माफी मागायला. परत चहा. पुढं बाप म्हणाला, ह्या मुलाचा गुन्हा एक आणि माफ्या किती? वर्ष संपायच्या आत लग्न लागलं."

तेव्हा माझं लक्ष गेलं. इनासभाऊ केळीच्या ओळीत उभे होते, हातात कोयता. त्यांनी सगळं ऐकलं होतं. ते हसत नव्हते. आमच्याकडे पाहून ते वळले आणि आतल्या बाजूला गेले.

कार्मेलीनबायचा आवाज उतरला. "ह्या गोष्टीला तो कधी हसत नाही. आम्हाला मूल झालं नाही. मला पोरांची फार हौस. रविवारी मिस्साला देवळात दुसऱ्यांची पोरं मी मांडीवर घेऊन बसते. ते बघतो तो. त्याला वाटतं, त्या दिवशी बरोबर भोकात प्लग गेला असता, तर मी कुठल्या तरी कॉन्व्हेंटच्या शाळेत असते, भोवती ढीगभर पोरं असती. त्यानं माझं आयुष्य चुकीच्या जागी जोडलं, असं त्याच्या डोक्यात बसलंय. तेवढ्यासाठी ते एक्स्चेंज. बाकी लोकांचं करतो ते सरावासाठी."

"म्हणजे ती लांबची लाइन..."

"माझी. सिस्टर झालेल्या कार्मेलीनची. तिला फक्त एवढंच विचारायचंय त्याला, की तू सुखात आहेस का."

"मग तुम्ही सरळ सांगत का नाही, की तुम्ही इथं सुखात आहात?"

"सांगितलं की गं. किती वेळा सांगितलं. म्हणतो, मला बरं वाटावं म्हणून बोलतेस." त्यांनी एक केळं उलटं केलं. "लोकांना स्वतः तसंच सांगतो ना. मग दुसऱ्याचं कसं खरं वाटणार?"

त्यानंतरच्या वर्षी कार्मेलीनबायना धाप लागायला लागली. आधी फाटकापासून विहिरीपर्यंत, मग नुसतं उठताबसता. हृदयाची झडप निकामी होत चालली होती. डॉक्टरांनी दोन रस्ते सांगितले. ऑपरेशन करायचं, त्यात ह्या वयात धोका होता. किंवा गोळ्यांवर राहायचं, खाटेवर पडून, जितकं चालेल तितकं. ठरवा आणि कळवा, म्हणाले.

आता गावाचं लक्ष एक्स्चेंजकडे लागलं. दोन लाइनी, दोन्ही समोर, आणि घरात यंत्र. ज्याला त्याला वाटत होतं, की इनासभाऊ दोन्हीकडे ऐकून येतील आणि सांगतील. इनासभाऊंनी खोलीला कुलूप घातलं आणि किल्ली खिशात ठेवली. सकाळची ती लांबची लाइनही बंद झाली. सदूभाऊंनी हळूच विषय काढला, तेव्हा ते पहिल्यांदा आवाज चढवून बोलले. "हा फाटा अजून फुटलेला नाही. न फुटलेल्या फाट्यावर कोण उचलणार?" मग तिथंच पायरीवर बसले. सदूभाऊ त्यांच्या शेजारी बसून राहिले.

निर्णय कार्मेलीनबायनीच घेतला. "खाटेवर पडायचं आणि माझ्या शेंगा दुसऱ्यांनी तोडायच्या, हे मला जमायचं नाही," त्या म्हणाल्या. ऑपरेशनचं ठरलं.

इस्पितळात जायच्या सकाळी मी गेले होते. मला सोबत करायची होती. फाटकाशी रिक्षा उभी. पायरीवर कपड्यांची पिशवी, थर्मास. कार्मेलीनबाय ठेवणीतली साडी नेसून, हाताला रोझरीची माळ गुंडाळून बाहेर आल्या, आणि फाटकाकडे न जाता त्या खोलीकडे निघाल्या. चालताना थांबत, दम घेत.

"किल्ली दे," त्या इनासभाऊंना म्हणाल्या. हे बोलणं त्यांच्या बोलीत झालं. मला कळलं तसं मी सांगते.

"कशाला आता? रिक्षा थांबलीय."

"दे म्हणते ना."

त्यांनी कुलूप काढलं. इतक्या वर्षांत त्या स्टुलावर कधी बसल्या नव्हत्या. आज बसल्या. "तो कानाला लाव माझ्या. आणि ती लांबची लाइन लाव, मदरकडची."

"ती लागत नाही."

"तू लावतोस म्हणून लागत नाही. माझी लाइन आहे, मी ऐकते."

इनासभाऊंनी हेडफोन त्यांच्या कानाला लावला. मग त्यांनी चाक फिरवलं, आणि आम्ही तिघं ओळंब्याकडे पाहत राहिलो. बाहेरून रिक्षावाला म्हणाला, "मावशी, चला, टाइम होतोय." कोणी उत्तर दिलं नाही. ओळंबा थांबला. प्लग पहिल्यांदा भोकात गेला नाही, दुसऱ्यांदा गेला.

"वाजतंय," कार्मेलीनबाय म्हणाल्या.

इनासभाऊंनी बोर्डाची कड धरली. "वाजतंय? मला तर कधी..."

"बोलू नको. वाजतंय."

त्या ऐकत राहिल्या. मी दारात होते. त्यांच्या चेहऱ्याकडे मला बघवेना, म्हणून मी भिंतीत गेलेल्या तारांकडे पाहत होते.

"कोणी उचलत नाही, इनास."

"लांबची लाइन आहे. जरा थांब."

"थांबले की." आणखी थोडा वेळ गेला. "नाही. कोणी नाही तिथं."

"अजून जरा."

"अरे, मी इथं बसलेय," त्या म्हणाल्या. "मग तिथं उचलायला कोण असणार?"

त्यांनी हेडफोन काढून नवऱ्याच्या हातात दिला. इनासभाऊ तो धरून उभेच राहिले. मग त्यांनी विचारलं, "बर्फवाला पण नाही?"

"तो पण नाही."

आणि इनासभाऊ हसले. त्या गोष्टीवर ते हसलेले मी तेवढे एकदाच पाहिले. त्यांनी बायकोला हाताला धरून उठवलं आणि हळूहळू रिक्षापर्यंत नेलं.

ऑपरेशन झालं. कार्मेलीनबाय शुद्धीवर आल्या, बोलल्याही. मला म्हणाल्या, मोगरा खुडायला कोणाला तरी सांग, कळ्या उमलून जातील. मग एका पहाटे त्या गेल्या. गावात घंटा वाजली तेव्हा वाड्यांमधले पंप बंद झाले, असं मला सदूभाऊंनी सांगितलं. मातीला सगळा गाव होता, आमच्या सोसायटीतल्या त्या बाईही आल्या होत्या, आणि फुलपाड्याचा तो तरुण मागे एकटा उभा होता. मी कोणाच्या मातीला रडत नाही. त्या दिवशी मला रडू आवरलं नाही, आणि मी ते आवरायचा प्रयत्नही केला नाही.

त्यानंतर बरेच दिवस मी निर्मळला गेले नाही. मला भीती वाटत होती. आता हा माणूस काय करणार, ते दिसतच होतं. ज्या लाइनीवर ऑपरेशन झालंच नाही, जिथं त्या अजून खाटेवर पडून शेंगांची काळजी करताहेत, ती लाइन शोधत तो त्या खोलीत बसून राहणार. लोकही तेच बोलत होते. शेवटी एका सकाळी मी स्कूटर काढली.

खोली उघडी होती. इनासभाऊ स्टुलावर बसले होते, हेडफोन मांडीवर. बोर्डाच्या सगळ्या दोऱ्या सुट्या लोंबत होत्या. एकही प्लग भोकात नव्हता.

"लावून पाहिलंत?" मी विचारलं.

"नाही. कोणती लावू?" ते म्हणाले. "ती सांगून गेलीय ना, तिकडं कोणी नाही."

मी बाकावर बसले. फाटकाशी भाजीची टोपली नव्हती, त्यामुळे वाडी ओळखीची वाटत नव्हती. चहा करू का, असं मी विचारणार होते. तेवढ्यात ते म्हणाले, "टीचर, एक विचारू? तुम्ही तोंडावर बोलता, म्हणून तुम्हालाच विचारतो. बाकीचे मला सांभाळून घेतात."

"विचारा."

"ती मला बरं वाटावं म्हणून तर नाही ना बोलली? म्हणजे वाजतच नव्हतं, आणि ती नुसती..." ते हेडफोनची दोरी बोटाला गुंडाळू लागले. "कारण तसं असेल, तर ती तिकडं असेल. पोरांत असेल. आणि मी तिला इकडं ओढून आणलं, मूल नाही, काही नाही, आणि शेवटी असं झालं. मला नीट सांगा. तुम्ही होता तिथं."

मी होते तिथं. भिंतीत गेलेल्या तारा दुसऱ्या बाजूला बाहेर आलेल्या नाहीत, हे मी केव्हाच, पहिल्याच आठवड्यात, खोलीला वळसा घालून पाहून ठेवलं होतं. गणिताची बाई ते पाहणारच. माझ्याजवळ उत्तर तयार होतं, आणि आयुष्यभर मी उत्तर तयार असलं की ते दिलेलं आहे.

"नाही," मी म्हटलं. "त्या तुम्हाला बरं वाटावं म्हणून बोलल्या नाहीत. मी दारात उभी होते. मलाही रिंग ऐकू येत होती."

त्यांनी मान वर केली. "तुम्हाला? दारात?"

"हो. बराच वेळ वाजत होती. कोणी उचललं नाही."

कानाला घट्ट बसलेल्या हेडफोनातली रिंग दारापर्यंत येत नाही, हे त्या खोलीत त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक होतं? ते माझ्याकडे खूप वेळ पाहत राहिले. मी नजर हलवली नाही. मग त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, आणि ते त्यांनी येऊ दिलं.

"हो," ते म्हणाले. "त्या दिवशी लाइन फार साफ होती."